अटकेपूर्वींचा जामीन व बनावट कागद

जळगांवच्या सराफ बाजारांत काय किंवा धुळ्याच्या बाजारपेठेंत काय, चार व्यापारी एकत्र बसले व बोलणें कोर्टकचेरीकडे वळलें, म्हणजे एक तक्रार हटकून ऐकूं येते. खोटें खरेदीखत करणारा, बनावट सही करून दुसर्‍याची रक्कम उचलणारा, गरिबांच्या ठेवी घशांत घालणारा मनुष्य फिर्याद नोंदली जाण्यापूर्वींच वकील गांठतो, सेशन्स कोर्टांतून अटकपूर्व जामिनाचा हुकूम हातांत घेतो, आणि ज्याला बुडविलें त्याच्याच दुकानावरून दुसर्‍या दिवशीं मिशांस पीळ देत जातो! 'मग कायदा आहे तरी कोणासाठीं?' असा सवाल बुडालेला मनुष्य करतो, व ऐकणारांस त्याचें उत्तर सुचत नाहीं. पण त्याच बाजारांत, जरा खालच्या आवाजांत, दुसरीहि एक तक्रार ऐकूं येते. मालाच्या उधारीचा तंटा होता. दिवाणी दाव्यास वर्षें लागतात, म्हणून समोरच्यानें तीच हकीकत फसवणुकीची फिर्याद म्हणून लिहून दिली. पोलीस दारांत आले. कोठडींत आठ दिवस काढल्यावर जामीन झाला. पुढें कित्येक वर्षांनीं मनुष्य निर्दोष सुटला. पण तोंवर पेढीची पत गेली, मुलीची ठरलेली सोयरीक मोडली, आणि निर्दोषपणाचा निकाल वाचावयास कोणी आलें नाहीं.

या दोन्ही तक्रारी खर्‍या आहेत, आणि हाच या प्रश्नांतील खरा पेंच आहे. पहिल्या तक्रारीनें चिडून अटकपूर्व जामीन अजिबात बंद करा म्हणणारे लोक दुसर्‍या तक्रारींतील मनुष्यास सुळावर चढवितात. आणि दुसर्‍या तक्रारीकडे पाहून ज्यानें अर्ज केला त्याला जामीन देत सुटणारीं कोर्टें पहिल्या तक्रारींतील लुटारूस मोकळें रान देतात. आमच्या मतें दोन्ही मार्ग चुकीचे आहेत. तिसरा मार्ग आहे, तो कायद्यांतच आहे, आणि तो अंमलांत कां येत नाहीं याचा विचार सुशिक्षित नागरिकांनीं व व्यापारी वर्गानें केला पाहिजे, म्हणून आजचा हा लेख.

प्रथम कायदा काय आहे तें पाहूं. इंग्रजी अमदानींतील १८९८ च्या फौजदारी कार्यपद्धतीच्या कायद्यांत अटकेपूर्वीं जामीन देण्याची तरतूद नव्हती. मनुष्यास आधीं पकडावयाचें, मग त्यानें जामीन मागावयाचा, असा तो क्रम होता. १९६९ सालीं विधि आयोगानें आपल्या ४१ व्या अहवालांत ही उणीव दाखविली. वजनदार लोक आपल्या प्रतिस्पर्ध्यांस खोट्या खटल्यांत गुंतवितात, आणि शिक्षा होवो न होवो, चार दिवस तुरुंगांत बसवून त्यांची बेअब्रू करतात, असें त्या आयोगाचें म्हणणें होतें. त्यावरून १९७३ च्या नव्या कायद्यांत ४३८ वें कलम आलें, व तें १ एप्रिल १९७४ पासून अंमलांत आलें. १ जुलै २०२४ पासून त्या कायद्याची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेनें घेतली. तींत हें कलम ४८२ व्या क्रमांकावर आहे. क्रमांक बदलला, गाभा तोच राहिला. ज्याला अजामीनपात्र गुन्ह्याच्या आरोपावरून अटक होण्याची सकारण भीति वाटते, त्यानें सेशन्स कोर्टांत किंवा हायकोर्टांत अर्ज करावा. आणि कोर्टास योग्य वाटल्यास, अटक झालीच तर यास जामिनावर सोडावें, असा हुकूम कोर्टानें द्यावा.

येथें एक गैरसमज दूर केला पाहिजे. अटकपूर्व जामीन म्हणजे निर्दोषपणाचा दाखला नव्हे. त्यानें फिर्याद रद्द होत नाहीं, तपास थांबत नाहीं, खटला चुकत नाहीं. बोलावलें तेव्हां पोलिसांपुढें हजर राहाणें, साक्षीदारांस धाक वा लालूच न दाखविणें, कोर्टाच्या परवानगीशिवाय देश न सोडणें, अशा अटी त्यास लावतां येतात. अटी मोडल्या तर जामीन रद्द होतो. पण आमच्या बाजारांत जामीन मिळाला कीं आरोपी पेढे वांटतो, आणि फिर्यादी कपाळाला हात लावतो. दोघांचाहि समज एकच कीं खटला संपला! खटल्यास पंधरा पंधरा वर्षें लागूं लागलीं, म्हणजे लोक जामिनालाच निकाल समजूं लागतात. हा समज चुकीचा असला तरी तो अनुभवांतून आलेला आहे, हें आम्ही विसरत नाहीं.

जामिनाचा प्रश्न महाराष्ट्रास नवा नाहीं. १८९७ सालीं लोकमान्य टिळकांवर राजद्रोहाचा पहिला खटला झाला, तेव्हां त्यांस जामिनावर सोडण्याचा हुकूम न्या. बद्रुद्दीन तय्यबजी यांनीं दिला. त्या वेळीं टिळकांच्या वतीनें बोलणारे बॅरिस्टर दावर पुढें हायकोर्टाचे न्यायमूर्ति झाले. आणि १९०८ सालीं त्याच टिळकांचा जामिनाचा अर्ज त्यांच्यापुढें आला, तेव्हां त्यांनीं तो नाकारला. मनुष्य तोच, आरोप त्याच जातीचा, न्यायासन निराळें. जामीन देणें वा न देणें हें कायद्याच्या अक्षरावर थोडें व न्यायाधीशाच्या विवेकावर फार अवलंबून असतें, याचा याहून ठळक दाखला आम्हांस ठाऊक नाहीं. आणि प्रस्तुत विषयाशीं याहूनहि जवळची गोष्ट ताईमहाराज प्रकरणाची आहे. एका मित्राच्या मृत्युपत्राप्रमाणें त्याच्या इस्टेटीची व्यवस्था पाहण्याचें काम टिळकांनीं पत्करलें, आणि त्यांतून त्यांच्यावर खोटी शपथ व खोटा पुरावा यांसारखे आरोप आले. १९०३ सालीं खालच्या कोर्टानें त्यांना शिक्षाहि ठोठावली. १९०४ च्या मार्चमध्यें मुंबई हायकोर्टानें ती रद्द केली. दत्तक व दस्तऐवज यांच्या एका दिवाणी भांडणास फौजदारी रूप दिलें, म्हणजे केवढ्या मनुष्यालाहि चोराच्या पंक्तीस बसवितां येतें, हें त्या खटल्यानें शिकविलें. म्हणून 'कागद बनावट आहे' एवढा शब्द कोणी उच्चारतांच समोरच्यास बेड्या घाला, असें म्हणणारांनीं तो इतिहास एकदां आठवावा.

स्वतंत्र भारताच्या सुप्रीम कोर्टानें याबाबतींत घातलेली वाट स्पष्ट आहे. १९८० च्या एप्रिलमध्यें गुरबक्षसिंग सिब्बिया यांच्या प्रकरणांत पांच न्यायमूर्तींच्या पीठानें निकाल दिला. तो लिहिणारे सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड हे महाराष्ट्राचे सुपुत्र. अर्जदार पंजाबांतील मंत्री होते व त्यांच्यावर भ्रष्टाचाराचे आरोप होते. त्या प्रांताच्या हायकोर्टानें अटकपूर्व जामिनावर अनेक कडक बंधनें घातलीं होतीं. कायदेमंडळानें जीं बंधनें घातलीं नाहींत तीं कोर्टांनीं कलमांत घुसडूं नयेत, प्रत्येक प्रकरणाची हकीकत पाहून विवेकानें निर्णय करावा, असें सुप्रीम कोर्टानें सांगितलें. पुढें २०२० च्या जानेवारींत सुशीला अगरवाल यांच्या प्रकरणांत पुन्हां पांच न्यायमूर्तींनीं ठरविलें कीं, असा जामीन ठराविक मुदतीपुरताच असला पाहिजे असें नाहीं. तो साधारणतः खटला संपेपर्यंत चालूं शकतो. दुसर्‍या बाजूस, २०१९ सालीं माजी अर्थमंत्री चिदंबरम् यांच्या प्रकरणांत त्याच कोर्टानें सांगितलें कीं, आर्थिक गुन्ह्यांचा वर्ग निराळा आहे व त्यांत हा अधिकार जपून वापरावा. आणि २०२३ च्या जुलैमध्यें हरियाणांतील एका प्रकरणांत परदेशीं राहाणार्‍या वृद्ध दांपत्याची जमीन बनावट मुखत्यारपत्राच्या आधारें विकली गेल्याचा आरोप होता. तेथें आरोपीस मिळालेला अटकपूर्व जामीन सुप्रीम कोर्टानें रद्द केला व विशेष पथकाकडून तपास करविला. या निकालांत विरोध नाहीं. पहिल्या दोहोंनीं अधिकार केवढा मोठा आहे तें सांगितलें. पुढल्या दोहोंनीं तो कोठें आवरावा तें सांगितलें.

आतां बनावटीच्या गुन्ह्याचें स्वरूप पाहूं, कारण तें नीट न समजल्यामुळें निम्मा घोटाळा होतो. साध्या फसवणुकीनें माल वा पैसा उकळणें यास सात वर्षांपर्यंत शिक्षा आहे. जुन्या दंडसंहितेंत हें कलम ४२० होतें, नव्या न्यायसंहितेंत तें ३१८ झालें आहे. फसविण्याच्या हेतूनें बनावट दस्त करण्यासहि सात वर्षें. पण मृत्युपत्र, खरेदीखत, रोखा, ठेवीची पावती अशा मौल्यवान कागदाची बनावट केली, तर जुनें ४६७ व नवें ३३८ कलम लागतें, व त्यास दहा वर्षांपर्यंत कैद किंवा जन्मठेपहि होऊं शकते. याचा व्यवहारांत परिणाम असा कीं, सात वर्षांपर्यंतच्या गुन्ह्यांत कारणें लिहून ठेवल्याशिवाय अटक करूं नये, आधीं नोटीस द्यावी, असें सुप्रीम कोर्टानें २०१४ सालीं अर्नेशकुमार यांच्या निकालांत बजाविलें आहे. आणि नेमकी हीच अडचण टाळण्यासाठीं फिर्यादी लोक साध्या फसवणुकीच्या फिर्यादींत जन्मठेपेचें कलम घालण्याचा आग्रह धरतात. वास्तविक प्रत्येक खोटा मजकूर म्हणजे बनावट दस्त नव्हे. एकाद्यानें दुसर्‍याची जमीन 'माझी आहे' असें खोटें सांगून स्वतःच्याच नांवानें व स्वतःच्याच सहीनें विकली, तर ती घेणार्‍याची फसवणूक होईल. पण तें खरेदीखत कायद्याच्या अर्थानें बनावट होत नाहीं, असें सुप्रीम कोर्टानें २००९ सालीं महंमद इब्राहिम यांच्या प्रकरणांत ठरविलें. दुसर्‍याच्या नांवें सही करणें, तोतया उभा करणें, झालेल्या दस्तांत मागाहून फेरफार करणें, ही खरी बनावट. जामिनाचा अर्ज ऐकणार्‍या कोर्टानें पहिल्याच दिवशीं विचारावयाचा प्रश्न हा कीं, फिर्यादींत कलमें कोणतीं लिहिलीं आहेत हें राहूं द्या. सांगितलेल्या हकीकतींतून कोणता गुन्हा होतो?

दुसरा प्रश्न आम्ही असा सुचवितों: कागद कोठें आहे? खून-मारामारीचा पुरावा साक्षीदारांच्या तोंडांत असतो. बनावटीचा पुरावा कागदांत असतो. वादग्रस्त दस्त जर दुय्यम निबंधकाच्या कचेरींत नोंदलेला असेल, धनादेश बँकेंत असेल, हिशेबाच्या वह्या पोलिसांनीं ताब्यांत घेतल्या असतील, तर आरोपीस कोठडींत टाकून नवें काय मिळणार? हस्ताक्षराचा नमुना हवा, असें सरकारी वकील नेहमीं सांगतात. परंतु नव्या संहितेच्या ३४९ व्या कलमान्वयें मॅजिस्ट्रेट कारणें नमूद करून, अटक न झालेल्या मनुष्यासहि सहीचा, अक्षराचा, बोटांच्या ठशांचा व आवाजाचा नमुना देण्यास फर्मावूं शकतो. तेव्हां नमुन्यासाठीं कोठडी हें कारण आतां चालावयाचें नाहीं. उलट, मूळ दस्त गडप झाला असेल, बनावट शिक्के व मुद्रांक आरोपीच्या घरीं असतील, ज्या संगणकावर कागद तयार झाला तो नाहींसा केला असेल, पैसा दहा खात्यांतून फिरून कोठें गेला तें आरोपीवांचून कोणास ठाऊक नसेल, किंवा मागें तलाठ्यापासून दलालापर्यंत साखळी असेल, तर तेथें दोन तास पोलीस ठाण्यांत बसून चहा पिऊन परत जाणार्‍या आरोपीकडून कांहीं निघावयाचें नाहीं. अशा ठिकाणीं अटकेपूर्वीं जामीन देणें म्हणजे पुरावा जाळण्यास काडी देणें होय. हा भेद करणें कठीण नाहीं. फक्त प्रत्येक हुकुमांत तो लिहिला गेला पाहिजे.

आपल्या खानदेशाचा अनुभव काय सांगतो? जळगांव नगरपालिकेनें झोपडपट्टींतील गरिबांसाठीं घरकुल योजना काढली. कर्ज काढलें, ठेकेदारास आगाऊ रकमा गेल्या, घरें मात्र पुरीं झालीं नाहींत. फेब्रुवारी २००६ मध्यें महापालिकेच्या तत्कालीन आयुक्तांनीं फिर्याद दिली. सुमारें २९ कोटींच्या गैरव्यवहाराचा तो आरोप होता. माजी मंत्री सुरेश जैन यांस अटक झाली ती मार्च २०१२ मध्यें, म्हणजे फिर्यादीनंतर सहा वर्षांनीं. आणि धुळ्याच्या विशेष न्यायालयानें निकाल दिला तो ३१ ऑगस्ट २०१९ रोजीं, म्हणजे फिर्यादीनंतर साडेतेरा वर्षांनीं. ४८ आरोपी दोषी ठरले. माजी मंत्र्यांस सात वर्षांची शिक्षा झाली. त्या निकालावर अपिलें झालीं, म्हणून कोणाच्याहि दोषादोषाविषयीं आम्ही येथें अक्षर लिहीत नाहीं. आम्हांस दाखवावयाचें तें एवढेंच कीं, फिर्याद व अटक यांमध्यें सहा वर्षें गेलीं, तीं कांहीं अटकपूर्व जामिनाच्या कलमानें घेतलीं नाहींत. तीं तपासाच्या दिरंगाईनें घेतलीं. सहा वर्षें ज्याला हात लावला नाहीं त्याला अटक केल्यानें पुरावा किती हातीं लागतो, आणि साडेतेरा वर्षांनीं लागलेल्या निकालानें झोपडींतल्या माणसास घर किती मिळतें, याचें उत्तर वाचकांनींच द्यावें. वरातीमागून घोडें, अशी आमच्या न्यायाची स्थिति आहे.

जळगांवच्याच रायसोनी मल्टिस्टेट पतसंस्थेची गोष्ट वाचकांच्या अंगावरून गेलेली आहे. हजारो लोकांनीं पोटाला चिमटा घेऊन ठेवी ठेवल्या. २०१५ सालीं संस्थापकास अटक झाली, संस्थेवर अवसायक आला, आणि आतां तरी पैसे मिळतील अशी आशा लोकांनीं धरली. २०२० च्या नोव्हेंबरांत पुण्याच्या पोलिसांनीं जळगांवांत धाडी घातल्या त्या खुद्द अवसायकाच्या कारभारासंबंधीं! गरजू ठेवीदारांच्या पावत्या निम्म्याहून कमी किंमतींत घेऊन त्या बड्या कर्जदारांच्या कर्जांत वळत्या केल्या, असा आरोप झाला. आरोप तो आरोप. त्याचा निवाडा न्यायालयें करतील. पण यांतून एक गोष्ट दिसते. ठेवीदारास आरोपीच्या अटकेनें क्षणभर समाधान वाटतें, पैसा मात्र अटकेनें मिळत नाहीं. तो मालमत्तेच्या जप्तीनें मिळतो. १९९९ च्या महाराष्ट्र ठेवीदार संरक्षण कायद्यांत जप्तीची तरतूद आहे. आरोपीचा देह एक महिना कोठडींत राहिला, आणि त्या महिन्यांत त्याचें घरदार, शेतजमीन व बँकेंतील शिल्लक नातेवाइकांच्या नांवें झाली, तर ती अटक ठेवीदारांच्या काय कामाची? म्हणून ठेवीदारांनीं जामिनाच्या अर्जास विरोध करण्यांत जेवढी शक्ति खर्च केली, तेवढी जप्तीची कारवाई लवकर व्हावी म्हणून खर्च करावी, असें आमचें सांगणें आहे.

पैशाच्या वसुलीचा व जामिनाचा गोंधळ आणखी एका वाटेनें होतो. आरोपी कोर्टांत उभा राहून 'मी इतके लाख भरतों, मला जामीन द्या' म्हणतो, फिर्यादी खूष होतो, आणि कोर्टहि अट घालून मोकळें होतें. वरवर पाहतां सर्वांचें भलें! पण यांत न्यायाची विक्री होते, हें कोणाच्या लक्षांत येत नाहीं. ज्याच्याजवळ भरावयास पैसे आहेत तो सुटतो, आणि ज्याचा गुन्हा नाहीं पण पैसेहि नाहींत तो आंत जातो. २०२३ च्या जुलैमध्यें रमेशकुमार यांच्या प्रकरणांत सुप्रीम कोर्टानें या प्रवृत्तीस स्पष्ट शब्दांत आळा घातला; फसवणुकीच्या प्रकरणांत जामीन देणारें कोर्ट हें फिर्यादीच्या पैशाची वसुली करून देणारी कचेरी नव्हे. आमच्या व्यापारी बंधूंस हें कदाचित् रुचणार नाहीं. परंतु आज जो फिर्यादी आहे तो उद्यां आरोपी होऊं शकतो. बाजारांत नाणें जसें फिरतें तशी फिर्यादहि फिरते.

आणि ज्याच्याविषयीं या सार्‍या चर्चेंत कोणी बोलत नाहीं, तो गरीब मनुष्य? सेशन्स कोर्टांत अर्ज करावयाचा म्हणजे आधीं बातमी पाहिजे, मग वकील पाहिजे, मग फी पाहिजे. बँकेच्या बनावट कर्जप्रकरणांत दलाल शहाणा असतो; कागद त्यानें रंगविलेले असतात; पण कर्जाच्या अर्जावर अंगठा असतो तो सातपुड्याच्या पायथ्याच्या एखाद्या अडाणी शेतमजुराचा, ज्याला शंभर रुपये देऊन 'येथें अंगठा उठव' म्हटलेलें असतें. फिर्याद झाली कीं दलाल तालुक्याहून जिल्ह्यास व जिल्ह्याहून हायकोर्टाच्या खंडपीठाकडे धांवतो. अंगठेवाला मात्र शेतांतूनच उचलला जातो. चोर सोडून संन्याशास सुळीं देण्याचा हा प्रकार कायद्यानें केलेला नाहीं, तो पैशानें केलेला आहे; पण कायद्याच्या नांवानें तो चालतो. जिल्हा विधि सेवा प्राधिकरणाचे वकील फुकट मिळतात, हें गांवोगांव कळलें पाहिजे. आणि अटक होण्यापूर्वींच त्यांची मदत मिळाली पाहिजे. जोंवर हें होत नाहीं, तोंवर अटकपूर्व जामीन हा श्रीमंतांचा दागिना आहे, हा लोकांचा आक्षेप आम्हांस खोडून काढतां येणार नाहीं.

मग करावें काय? आमच्या सूचना थोड्या आहेत व त्यांतील एकीसहि नवा कायदा लागत नाहीं. पहिली, जामीन देतांना वा नाकारतांना कोर्टानें कारणें लिहावींत. गुन्ह्याचें गांभीर्य, आरोपीचें पूर्वचरित्र, पळून जाण्याचा संभव, बेअब्रू करण्याचा हेतु, या गोष्टी पूर्वीं महाराष्ट्रांतील सुधारलेल्या कलमांतच नमूद होत्या; नव्या संहितेच्या ४८२ व्या कलमांत ती यादी राहिलेली नाहीं. यादी गेली म्हणून विचार जाऊं नये. उलट तो हुकुमांत अधिक स्पष्ट उतरला पाहिजे. 'गुन्हा गंभीर आहे, सबब अर्ज नामंजूर' किंवा 'आरोपी स्थानिक रहिवासी आहे, सबब अर्ज मंजूर', एवढ्यानें कोणाचें समाधान होत नाहीं. दुसरी, पोलिसांनीं कोठडी कशासाठीं हवी तें नेमकें सांगावें. कोणता कागद, कोणती रक्कम, कोणता साथीदार. 'सखोल तपास करावयाचा आहे' हें वाक्य सरकारी वकिलांनीं आतां विसरावें. तिसरी, तात्पुरता हुकूम दिल्यावर अर्ज महिनोन् महिने लोंबकळत ठेवूं नये. कारण अशा लोंबकळण्यांतच पुरावा नाहींसा होतो, व निरपराध मनुष्याच्या गळ्याचा फासहि सुटत नाहीं. चौथी, ज्यास लुबाडलें त्याचें म्हणणें ऐकावें, आणि नव्या संहितेप्रमाणें नव्वद दिवसांत त्यास तपासाची प्रगति कळवावी. पांचवी, आरोपीनें अटी मोडल्या तर पोलिसांनीं जामीन रद्द करण्याचा अर्ज करावा. चहाच्या टपरीवर कोर्टास नांवें ठेवूं नयेत. आणि सर्वांत मोठी गोष्ट, हस्ताक्षरतज्ज्ञाचा अहवाल व आरोपपत्र हीं वेळेवर यावींत आणि खटला चालावा. दोन वर्षांत निकाल लागूं लागला, तर अटकपूर्व जामिनाबद्दल बाजारांत आज जी चीड आहे तिचा बारा आणे भाग आपोआप ओसरेल.

व्यापारी वर्गासहि चार शब्द सांगणें आमचें कर्तव्य आहे. उधारीची प्रत्येक बुडीत रक्कम म्हणजे फसवणूक नव्हे. सौदा झाला तेव्हांच समोरच्याच्या मनांत बुडविण्याचा हेतु होता, हें जेथें दाखवितां येतें तेथेंच फौजदारी फिर्याद उभी राहाते. पुढें धंदा बसला व पैसे देतां आले नाहींत, तर तो दिवाणी दाव्याचा विषय. पोलिसांस वसुलीचा गुमास्ता करणारे लोक खर्‍या फिर्यादींचें वजन कमी करतात, आणि मग खरा लुबाडलेला मनुष्य कोर्टांत उभा राहिला म्हणजे त्याच्याकडेहि संशयानें पाहिलें जातें. जमीन घेतांना सात-बाराचा उतारा व फेरफार पहा, निबंधकाच्या कचेरींतील सूची तपासा, मुखत्यारपत्रावर व्यवहार करीत असाल तर मूळ मालकास स्वतः भेटा. मृत मनुष्याच्या नांवें मुखत्यारी चालत नाहीं, एवढें जरी सर्वांनीं लक्षांत ठेविलें तरी कित्येक बनावट दस्त जन्मासच येणार नाहींत. ठेव ठेवतांना जास्त व्याजाचा मोह आवरा. फसविणारा गुन्हेगार खराच. पण त्याला दार उघडून देणारा आपला लोभ व आळस असतो, हें विसरून चालणार नाहीं.

धुळें हें गांव कागदांचें मोल जाणणारें आहे. इतिहासाचार्य राजवाडे यांनीं आयुष्य वेंचून जमविलेलीं दप्तरें येथील संशोधन मंडळांत आहेत. खरें पत्र कोणतें व मागाहून रचलेलें कोणतें, हें पारखण्याची दृष्टि त्या तपस्व्यानें महाराष्ट्रास दिली. याच धुळ्याच्या तुरुंगांत १९३२ सालीं विनोबांनीं गीतेवर प्रवचनें केलीं व साने गुरुजींनीं तीं लिहून घेतलीं. निरपराध मनुष्यास कोठडी कशी असते, हेंहि या गांवास कोणी सांगावयास नको. या दोन्ही आठवणी एकत्र ठेवून आमच्या न्यायाधीशांनीं, पोलिसांनीं व नागरिकांनीं या प्रश्नाकडे पाहावें. कागद नीट पारखा, आणि मनुष्य बंद करण्यापूर्वीं दहादां विचार करा. पण कागद खोटा व मनुष्य तो लपविणारा असें एकदां दिसून आलें, तर मग त्याचें नांव, पैसा व पक्ष पाहूं नका. एवढें झालें, तर अटकपूर्व जामिनाचें कलम निरपराध्याची ढाल राहील, आणि लबाडाचें बिळ होणार नाहीं.